दोन चित्रपटांमधला काळ

प्रादेशिक भाषेतील स्वतंत्र चित्रपटाची चर्चा बहुतेक वेळा त्याच्या आशयापाशी, त्याला मिळालेल्या पुरस्कारांपाशी किंवा त्याला न लाभलेल्या प्रेक्षकांपाशी येऊन थांबते. तो चित्रपट करणारी व्यक्ती त्याआधीची तीन-चार वर्षे आणि त्यानंतरची तीन-चार वर्षे कशावर जगली, हा प्रश्न फारसा कोणी विचारत नाही. वास्तविक कारकीर्द घडते किंवा मोडते ती याच मधल्या काळात. ‘स्वतंत्र’ हा शब्द येथे मर्यादित अर्थाने घ्यावा लागतो: ज्या चित्रपटाचा पैसा एखादी मोठी निर्मितीसंस्था किंवा वाहिनी आधीच उभा करत नाही, आणि म्हणून कथा, कलावंत व अंतिम संकलन यांविषयीचा शेवटचा शब्दही तिचा नसतो, तो स्वतंत्र चित्रपट. ही मोकळीक फुकट मिळत नाही. तिची किंमत म्हणून दिग्दर्शकाला लेखक, निर्माता, संकलक, कधी छायालेखक, कधी नट आणि शेवटी स्वतःच्या चित्रपटाचा वितरकही व्हावे लागते. अशा बहुपेडी कारकिर्दीला अष्टपैलुत्व म्हणून गौरवण्याची रीत आहे, परंतु तिचे मूळ प्रतिभेत कमी आणि जमाखर्चात अधिक आहे, हे आधी मान्य केले पाहिजे.

भारतीय चित्रपटाचा आरंभच अशा बहुपेडी माणसाने केला. दादासाहेब फाळके चित्रकला शिकले होते, छायाचित्रण आणि मुद्रण हे त्यांचे व्यवसाय होते, जादूचे प्रयोगही ते करत. ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशन चित्रपटगृहात प्रदर्शित झालेल्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये लेखन, दिग्दर्शन, नेपथ्य आणि संकलन या कामांवर त्यांचाच हात होता. सरस्वतीबाई फाळके यांनी युनिटचा स्वयंपाक सांभाळला, फिल्मला छिद्रे पाडण्याचे व ती धुण्याचे कामही केले, आणि भांडवलासाठी अंगावरचे दागिने दिले. आजच्या श्रेयनामावलीच्या हिशेबाने त्यांच्या नावापुढे निदान तीन पदे लागली असती. तेव्हा एकही लागले नाही. पुढे कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांनी कॅमेरा स्वतः घडवला आणि स्वतःच्या चित्रपटांची भित्तिपत्रकेही स्वतः रंगवली. स्टुडिओंच्या काळात पगारी खाती निर्माण झाली, कामे वाटली गेली, आणि एका माणसाने सगळे करण्याची गरज काही काळ मागे पडली. स्वतंत्र चित्रपटाने ती गरज परत आणली, इतकेच.

मराठी चित्रपटाच्या अर्थव्यवहाराची रचना पाहिली म्हणजे या गरजेचे कारण कळते. प्रेक्षकाने दिलेल्या तिकिटाच्या पैशातून आधी कर वजा होतो. उरलेल्या रकमेचा साधारण निम्मा भाग पहिल्या आठवड्यात चित्रपटगृह ठेवते आणि पुढच्या आठवड्यांत त्याचा वाटा वाढत जातो. त्यानंतर वितरकाचे कमिशन आणि डिजिटल प्रक्षेपणाचे शुल्क जाते, आणि जाहिरातीवर झालेला खर्च निघाल्यावर जे उरेल ते निर्मात्याच्या हाती पडते. याशिवाय दूरचित्रवाणीचे म्हणजे सॅटेलाइट हक्क, ओटीटीचे डिजिटल हक्क आणि क्वचित अन्य भाषांतील पुनर्निर्मितीचे हक्क हे उत्पन्नाचे मार्ग असतात, पण नावाजलेले चेहरे नसलेल्या चित्रपटासाठी हे हक्क आगाऊ विकले जाणे कठीण असते. राज्य सरकारचे अनुदान आहे; बरीच वर्षे ‘अ’ दर्जाच्या चित्रपटाला ४० लाख आणि ‘ब’ दर्जाच्या चित्रपटाला ३० लाख रुपये असे त्याचे स्वरूप राहिले; परंतु ते चित्रपट पूर्ण होऊन प्रमाणपत्र मिळाल्यावर आणि परीक्षण समितीने पाहिल्यावर मिळते, चित्रीकरणाच्या पहिल्या दिवशी नव्हे. पहिल्या दिवसाचा पैसा कोठून तरी आणावाच लागतो. भाऊराव कऱ्हाडे यांनी ‘ख्वाडा’साठी शेतजमीन विकल्याचे सर्वश्रुत आहे, आणि त्या चित्रपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाल्यामुळे ही गोष्ट प्रेरणादायी म्हणून सांगितली जाते, जमीन विकूनही ज्यांचा चित्रपट डब्यातच राहिला त्यांची गोष्ट कोणी सांगत नाही, हेही लक्षात ठेवलेले बरे.

अशा स्थितीत खर्चाचा जो भाग सर्वांत सहज कापता येतो तो म्हणजे स्वतःचे मानधन. दिग्दर्शकाने पटकथा स्वतः लिहिली, संकलन स्वतः केले, निर्मितीची धावपळ स्वतः उचलली तर तितक्या व्यक्तींचे पैसे वाचतात. परंतु वाचलेला पैसा म्हणजे मिळालेला पैसा नव्हे, आणि ही दोन-तीन वर्षांची बिनपगारी नोकरी कोणाच्या तरी आधारावर चालते. ‘कोर्ट’ (२०१४) या चित्रपटाचे उदाहरण येथे उपयोगी आहे. त्यात वकिलाची भूमिका करणारे विवेक गोंबर हेच त्याचे निर्माते होते, आणि चैतन्य ताम्हाणे पटकथा लिहीत असताना त्यांच्या निर्वाहाची सोय गोंबर यांनी केली होती. पटकथेच्या विकासासाठी रॉटरडॅम महोत्सवाच्या ह्यूबर्ट बाल्स निधीचेही साहाय्य लाभले. व्हेनिसमध्ये दोन पुरस्कार आणि नंतर सुवर्णकमळ मिळवणाऱ्या या चित्रपटाचा पाया लेखकाला मिळालेल्या निवांत वेळात होता. कॅमेरे स्वस्त झाल्यामुळे चित्रपट करणे सोपे झाले असे वारंवार म्हटले जाते, पण कॅमेऱ्याइतका वेळ काही स्वस्त झालेला नाही.

एकहाती चित्रपटाचे अलीकडचे सर्वांत ठळक उदाहरण मराठीतले नसून आसामीतले आहे. रीमा दास यांनी ‘व्हिलेज रॉकस्टार्स’ (२०१७) लिहिला, दिग्दर्शित केला, चित्रित केला, संकलित केला आणि त्याची निर्मितीही केली. चित्रीकरणस्थळ म्हणजे त्यांचे जन्मगाव, छयगावजवळचे कलारदिया, आणि नटमंडळी म्हणजे तिथलीच मुले व माणसे. पुणे विद्यापीठात समाजशास्त्राचे पदव्युत्तर शिक्षण घेतलेल्या दास अभिनय करण्यासाठी मुंबईला आल्या होत्या. चित्रपटाचे रीतसर शिक्षण त्यांनी घेतलेले नव्हते. राष्ट्रीय पुरस्कारांमध्ये या चित्रपटाला सर्वोत्कृष्ट चित्रपटाच्या सुवर्णकमळाबरोबर संकलनाचा, स्थळध्वनिमुद्रणाचा आणि बालकलाकाराचा पुरस्कार मिळाला. स्थळध्वनिमुद्रण म्हणजे संवाद नंतर स्टुडिओत न बोलवून घेता चित्रीकरणाच्या जागीच टिपणे, ज्याला व्यवसायात ‘सिंक साउंड’ म्हणतात. हे काम दास यांची चुलतबहीण मल्लिका दास हिने केले होते, म्हणजे इतक्या एकहाती चित्रपटातही ध्वनी दुसऱ्या हाती होता. दिग्दर्शक एका वेळी कॅमेऱ्यातून पाहू शकतो आणि नटाशी बोलूही शकतो, परंतु त्याच क्षणी कानांवर हेडफोन चढवून वाऱ्याची सळसळ वेगळी काढू शकत नाही.

या पद्धतीत काय साधले हे बारकाईने पाहण्यासारखे आहे. चित्रीकरण काही वर्षे, वेगवेगळ्या ऋतूंत चालले. पूर आला तेव्हा पूर टिपता आला, मुले वाढत गेली तशी पात्रेही वाढली. पन्नास-साठ माणसांचे युनिट आणि रोजच्या भाड्याची सामग्री असती तर तीस-पस्तीस दिवसांत सर्व आटोपावे लागले असते आणि पुराची वाट पाहण्याची चैन कोणाला परवडली नसती. म्हणजे येथे अनेक भूमिका एका व्यक्तीकडे असण्याने केवळ पैसा वाचला नाही, तर चित्रपटाची जातच बदलली. ज्या कथेला ऋतूंचा आणि वाढत्या वयाचा संथपणा हवा तिला ही पद्धत मानवते. जिला घट्ट बांधलेले प्रसंग, अनुभवी नट आणि रात्रीचे मोठे प्रकाशयोजन हवे तिला ती मारक ठरते. नवोदित दिग्दर्शक अनेकदा रीमा दास यांची पद्धत उचलतात पण कथा दुसऱ्याच जातीची घेतात, आणि मग पडद्यावर दिसतो तो साधेपणा नसून हात आखडल्याचा परिणाम असतो.

नागराज मंजुळे यांच्या कारकिर्दीचा पोत याहून वेगळा आहे. करमाळा तालुक्यातील जेऊरचे मंजुळे आधी कवी म्हणून ओळखले गेले. ‘उन्हाच्या कटाविरुद्ध’ हा त्यांचा संग्रह. अहमदनगरला जनसंज्ञापनाचे शिक्षण घेत असतानाच्या काळात ‘पिस्तुल्या’ हा लघुपट घडला आणि त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, त्यानंतर ‘फँड्री’ने पदार्पणाच्या दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळवला, २०१६ च्या ‘सैराट’ने मराठी चित्रपटाच्या तिकिटबारीचे जुने आकडे निकालात काढले. येथवरची चढण सर्वांना ठाऊक आहे. त्यापुढची गोष्ट अधिक बोधक आहे: मंजुळे यांनी अभिनय केला, ‘कोण होणार करोडपती’चे सूत्रसंचालन केले, ‘पावसाचा निबंध’ हा लघुपट करून दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार घेतला, आणि इतरांच्या चित्रपटांची निर्मिती केली. ‘सैराट’चे छायालेखक सुधाकर रेड्डी यक्कंटी यांनी दिग्दर्शित केलेला ‘नाळ’ (२०१८) या निर्मितीतूनच आला. त्यात मंजुळे यांनी भूमिकाही केली आणि चित्रपटाला पदार्पणाच्या दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. लघुपटाकडे परत जाणे ही पायरी उतरणे नव्हे, आणि छायालेखकाने दिग्दर्शक होणे ही पदोन्नती नव्हे, हे या घडामोडींनी दाखवून दिले. स्वतःच्या मिळकतीचा काही भाग दुसऱ्याच्या पहिल्या चित्रपटात घालणारे दिग्दर्शक मराठीत मोजकेच आहेत. त्यांची संख्या वाढली तर सरकारी योजनांपेक्षा अधिक फरक पडेल.

चित्रपटाबाहेरचा किंवा चित्रपटातलाच जो दुसरा व्यवसाय पोट भरतो, त्याची निवड हा या कारकिर्दीतला सर्वांत महत्त्वाचा आणि सर्वांत कमी चर्चिला गेलेला निर्णय आहे. छायालेखन आणि संकलन या कामांना दिवसाच्या किंवा प्रकल्पाच्या हिशेबाने मोबदला मिळतो, इतरांच्या चित्रपटांवर हात बसतो आणि काम संपले की ते डोक्यातून बाहेर काढता येते. ‘किल्ला’साठी बर्लिन महोत्सवात बालचित्रपट विभागाचे क्रिस्टल बेअर मिळवणारे अविनाश अरुण हे मुळात छायालेखक, ‘मसान’सारख्या हिंदी चित्रपटांचे चित्रीकरण त्यांनी केले आणि पुढे ‘पाताल लोक’ या मालिकेच्या दिग्दर्शनाकडे वळले. रंगभूमीवरून आलेल्या परेश मोकाशी यांना ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’ करताना संवादाची लय आणि नटमंडळींची पारख हाताशी होती. रोहन कानवडे यांचा मूळ व्यवसाय अंतर्गत सजावटीचा. चित्रपटाचे औपचारिक शिक्षण नसताना त्यांनी बराच काळ लघुपट केले आणि त्यांच्या ‘साबर बोंडं’ या पहिल्या कथापटाला २०२५ मध्ये सनडान्स महोत्सवात जागतिक कथापट विभागाचा सर्वोच्च ज्युरी पुरस्कार मिळाला. घरातल्या मोकळ्या जागेकडे आणि भिंतींकडे पाहण्याची त्यांची शिस्त मूळ व्यवसायातून आली असावी, असा अंदाज करता येतो.

याउलट दैनंदिन मालिकेचे लेखन हा व्यवसाय दिसायला सर्वांत जवळचा, पण या दृष्टीने सर्वांत घातक आहे. त्यात पैसा नियमित मिळतो हे खरे. परंतु हा व्यवसाय ज्या शक्तीवर चालतो तीच शक्ती पटकथेला लागते, आणि रोज एक भाग लिहिणाऱ्याच्या हाताला प्रसंग ताणण्याची जी सवय लागते ती चित्रपटाच्या मसुद्यात उतरल्याशिवाय राहत नाही. जाहिरातपटांचे उलट आहे: काम थोड्या दिवसांचे, तंत्र अद्ययावत, मोबदला बरा, आणि तीस सेकंदांत सांगण्याची कसरत संकलनाचे भान देते. अध्यापन आणि कार्यशाळा यांचे उत्पन्न माफक असते, पण तेथे पुढच्या चित्रपटाचे साहाय्यक भेटतात. थोडक्यात, जो व्यवसाय वेळ देतो आणि हात तयार ठेवतो तो घ्यावा. जो फक्त पैसा देतो त्याचा हिशेब करताना काय जाते तेही मांडावे.

संस्थात्मक मदतीचे मार्ग पूर्वीपेक्षा वाढले आहेत, मात्र त्यांचीही एक भाषा आहे आणि ती शिकणे हे आणखी एक कामच होय. गोव्यात भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या म्हणजे इफ्फीच्या वेळी भरणारा राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाचा फिल्म बाजार २००७ पासून चालू आहे. तेथे पटकथा प्रयोगशाळेत मसुद्यावर मार्गदर्शन मिळते, सहनिर्मितीच्या विभागात देशी-परदेशी निर्माते भेटतात, आणि कच्च्या संकलनाच्या अवस्थेतील चित्रपट जाणकारांना दाखवून त्यांच्या सूचना घेता येतात. यासाठी लागतो तो चित्रपटाचा सारांश, दिग्दर्शकाचे निवेदन, खर्चाचा आराखडा आणि पाच मिनिटांत चित्रपट समजावून सांगण्याचा सराव. मराठी माध्यमातून आलेल्या, ग्रामीण पार्श्वभूमीच्या दिग्दर्शकाला ही इंग्रजी कागदपत्रे म्हणजे पहिला अडसर वाटतात, आणि तो अडसर कथेच्या गुणवत्तेशी काहीएक संबंध नसलेला आहे; अर्ज भारतीय भाषांमधून स्वीकारण्याची सोय सर्वत्र होणे न्याय्य ठरेल.

कागदपत्रांचा विषय निघालाच आहे तर करारांविषयीही सांगितले पाहिजे, कारण स्वतंत्र चित्रपट मित्रांच्या भरवशावर उभा राहतो आणि बरेचदा त्याच भरवशावर मोडतो. चित्रपटाचे शीर्षक नोंदवणे, पटकथेची नोंदणी करणे, प्रत्येक सहभागी व्यक्तीचे काम, श्रेय, मोबदला आणि नफ्यातला वाटा लेखी ठरवणे या गोष्टी चित्रीकरणाआधी करायच्या असतात. २०१२ च्या दुरुस्तीनंतर स्वामित्वहक्क कायद्याने पटकथा, गीते आणि संगीत यांच्या कर्त्यांना चित्रपटगृहाबाहेरील वापरासाठी रॉयल्टीचा हक्क दिला आहे, आणि तो कोणाला सहज सोडून देता येत नाही. ज्याने लेखन, गीते आणि दिग्दर्शन अशी तीन कामे केली आहेत त्याने तीन स्वतंत्र करार करावेत, एकाच ओळीत सर्व बसवू नये. निर्माता स्वतःच असला तरीही करावेत, कारण पुढे हक्क विकताना घेणारा प्रत्येक दुवा तपासतो. चित्रपटगृहासाठी केंद्रीय परीक्षण मंडळाचे प्रमाणपत्र आवश्यक असते, आणि डीसीपी म्हणजे चित्रपटगृहाच्या यंत्रावर चालणारी डिजिटल प्रत तयार करून द्यावी लागते. हा खर्च सुरुवातीच्या अंदाजपत्रकात बहुतेकांनी धरलेला नसतो.

आणि मग शो मिळण्याचा प्रश्न. महाराष्ट्रात बहुपडदा चित्रपटगृहांनी मराठी चित्रपटांना चांगल्या वेळा द्याव्यात यासाठी २०१५ मध्ये राज्य सरकारने पाऊल उचलले तेव्हा वादही झाला, परंतु सकाळच्या खेळाला लागलेला आणि सोमवारी उतरवलेला चित्रपट ही तक्रार संपलेली नाही. या बाबतीत गोव्याने दिलेला धडा मराठीने घेण्यासारखा आहे. बार्डरॉय बार्रेटो यांचा कोंकणी चित्रपट ‘नाचुंया कुंपासार’ नेहमीच्या वितरणाची वाट न धरता सभागृहांमधून तिकीट लावून दाखवला गेला आणि गावोगावच्या प्रेक्षकांनी तो पुनःपुन्हा पाहिला. ज्या प्रेक्षकांच्या आठवणींतले संगीत त्या चित्रपटात होते, त्यांच्यापर्यंत तो थेट गेला. आपला प्रेक्षक नेमका कोण, तो कोठे जमतो, हे ठाऊक असणे ही वितरणाची पहिली अट आहे. महाराष्ट्रात तालुक्याच्या गावी नाट्यगृहे आहेत, महाविद्यालये आहेत, चित्रपट मंडळे आहेत. तिकीट लावून, शाळा-संस्थांशी आधी बोलून आखलेला दौरा हे अवघड काम असले तरी नाटकवाल्यांनी ते शतकभर केलेले आहे.

सर्व कामे एकाच्या हाती असण्याला एक पर्याय म्हणजे दोघांची किंवा चौघांची कायमची जुळणी. ‘वळू’, ‘विहीर’ आणि ‘देऊळ’ यांमध्ये दिग्दर्शक उमेश कुलकर्णी आणि लेखक-अभिनेते गिरीश कुलकर्णी यांची अशी जुळणी दिसली. ‘देऊळ’साठी गिरीश कुलकर्णी यांना अभिनय आणि संवाद अशा दोन्ही कामांचे राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. पण या प्रकारचे सर्वांत दीर्घकाळ टिकलेले मराठी उदाहरण सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांचेच आहे. भावे समाजशास्त्राच्या अभ्यासक व कार्यकर्त्या, सुकथनकर चित्रपटाचे प्रशिक्षण घेतलेले. भावे पटकथा लिहीत आणि कलादिग्दर्शन व वेशभूषा पाहत, सुकथनकर गीते लिहीत आणि भूमिकाही करत, दिग्दर्शन दोघांचे. स्त्रियांच्या प्रश्नांवरील संशोधन अक्षरओळख नसलेल्या स्त्रियांपर्यंत नेण्याच्या गरजेतून ‘बाई’ हा पहिला लघुपट झाला, आणि पुढे ‘दोघी’, ‘दहावी फ’, ‘वास्तुपुरुष’, ‘देवराई’, ‘नितळ’, ‘अस्तु’ असे कथापट आले. मधल्या काळात त्यांनी आरोग्य, शिक्षण आणि मानसिक आजार यांवर असंख्य लघुपट व माहितीपट केले. हे लघुपट त्यांचे उत्पन्न होते, अभ्यासही होता, आणि ‘देवराई’तला स्किझोफ्रेनिया किंवा ‘अस्तु’तला स्मृतिभ्रंश इतक्या अचूकपणे पडद्यावर आला त्याचे कारणही तेच. दुसरा व्यवसाय पहिल्याला खत पुरवतो तो असा. ‘बाई’ १९८५ मध्ये पूर्ण झाला तेव्हा सुमित्रा भावे चाळिशी ओलांडून गेल्या होत्या. ‘कासव’ला सुवर्णकमळ जाहीर झाले ते २०१७ मध्ये, त्यांच्या वयाच्या ७४ व्या वर्षी.